चाल तुमची, मग ठेका कुणाचा?

ताई, नमस्कार.

मी बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यातला, वय ३१. उद्यमबागेत एका फौंड्रीत शिफ्टला जातो. पेटी गावच्या भजनी मंडळात बसून शिकलो, शब्दही थोडेफार जुळवतो. माझा मित्र बैलहोंगलकडचा, घरी कन्नड, बेळगावात मोबाईलच्या दुकानात कामाला. ढोलकी, तबला, पॅड, सगळं वाजवतो. चार वर्षं आम्ही दोघं मिळून लग्नं, वास्तुशांती, गणपतीतले ऑर्केस्ट्रा करत आलोय. शहापुरात एक खोली घेतलीय, तिथंच रेकॉर्डिंग करतो. (खोलीचं भाडं, माइक, इंटरफेस, सगळं निम्मं-निम्मं.)

गेल्या वर्षी एका मंडळानं गणपतीचं गाणं मागितलं. शब्द माझे, चाल माझी. मी ते आठ मात्रांच्या भजनी ठेक्यात बसवलं होतं. त्याला ते झोपलेलं वाटलं. त्यानं त्याच्या गावाकडं करडी मजलात, म्हणजे तिकडच्या ढोल-सनईच्या ताफ्यात, ऐकलेला एक सहा मात्रांचा ठेका धरला आणि आम्ही गाणं परत बसवलं. मंडळाच्या चॅनेलवर दोन लाखांवर लोकांनी ते बघितलं. मंडळानं १२,००० दिले, मी त्याला नेहमीसारखे साथीचे ३,००० दिले. तेव्हा तो काही बोलला नाही. व्हिडिओखाली नाव माझं एकट्याचं आहे.

आता एक स्टुडिओवाला गाण्याचे २५,००० देतो म्हणतोय, कागदावर सही हवी आहे. मित्र म्हणतो, ‘अर्धं माझं हाय की रे. आणि नाव पण.’ त्याला हेच गाणं कन्नडमध्ये करून गावच्या जत्रेत म्हणायचंय. काका म्हणतात, शब्द तुझे, चाल तुझी, वाजवणाऱ्याला अर्धं कुठं देतात? मंडळातला एकजण तर म्हणाला, कन्नड केलंस तर पुढच्या वर्षी आमच्या मांडवात येऊ नकोस. मित्र तीन आठवडे खोलीवर आला नाही. कायद्यानं त्याचं काही बसतं का? का मी यातून एकट्यानं बाहेर पडावं?

– पेटीवाला

*

पेटीवाले भाऊ,

आधी सहीचं. करू नका. तो कागद काय आहे ते पुढं सांगते, पण आज-उद्यात कुणी फोन करून ‘चला, पाच मिनिटांचं काम आहे’ म्हणालं तर शिफ्ट आहे म्हणून सांगा. फौंड्रीची शिफ्ट एवढ्या तरी कामाला येऊ दे.

आता तुमच्या पत्राबद्दल. त्यातलं सगळ्यात वजनदार वाक्य तुम्ही कंसात घातलंय. भाडं, माइक, इंटरफेस निम्मं-निम्मं. हे लिहिताना तुम्हाला ते किरकोळ वाटलं असणार, पण तुमच्या काकांच्या प्रश्नाचं निम्मं उत्तर त्या कंसात आहे.

एका गाण्यात कायद्याच्या नजरेनं तीन वेगवेगळ्या वस्तू असतात. शब्द ही एक, चाल ही दुसरी, आणि तुम्ही खोलीत बसून केलेलं रेकॉर्डिंग ही तिसरी. तिन्हींचे मालक वेगळे असू शकतात. १९५७ चा कॉपीराइट कायदा रेकॉर्डिंगचा पहिला हक्क निर्मात्याला देतो, आणि निर्माता म्हणजे ते करण्यात ज्यानं पुढाकार घेतला आणि जबाबदारी उचलली तो. तुमच्याकडं कुणी शेठ नव्हता. खोली दोघांची, यंत्रं दोघांची, रात्री जागले दोघं. मग त्या रेकॉर्डिंगचे निर्मातेही दोघं. यात चाल कुणाची, ठेका कुणाचा हा प्रश्नच येत नाही. मित्रानं त्या दिवशी ढोलकीला हात लावला नसता, नुसता रेकॉर्डिंगचं बटण दाबायला बसला असता, तरी तुमच्या या व्यवहारात त्याची बाजू एवढी भक्कम राहिली असती. स्टुडिओवाल्याला जे विकत हवंय ते मुख्यतः हे रेकॉर्डिंगच आहे. तुमच्या एकट्याच्या सहीनं ते पूर्ण विकलंच जात नाही.

मंडळाचं काय, हेही मनात असेल. मंडळानं पैसे दिले म्हणून गाणं मंडळाचं झालं असं होत नाही. गाण्याचा हक्क दुसऱ्याला द्यायचा तर लेखी आणि सहीनिशी द्यावा लागतो. तसा कागद तुमच्यात झालेला दिसत नाही. गणपतीत त्यांनी ते खुशाल वाजवावं, व्हिडिओ त्यांच्या चॅनेलवर राहू द्यावा, भांडू नका. फक्त दोन लाख लोकांनी बघितलं म्हणजे कुणाच्या तरी खिशात पैसे पडले असं समजू नका. चॅनेलला १,००० सबस्क्रायबर आणि वर्षभरात ४,००० तास बघणं (किंवा शॉर्ट्सची तशीच मोठी अट) झाल्याशिवाय यूट्यूब जाहिरातीचा रुपया देत नाही, आणि झालं तरी तो चॅनेलवाल्याला मिळतो. तुमचं स्वतःचं चॅनेल नाही, हे पत्र वाचताना मला सर्वांत खटकलं.

शब्दांवर वाद नाही. ते पूर्ण तुमचे. मित्रही त्यावर काही म्हणत नाही, याची नोंद घ्या.

आता चाल. इथं मला थोडं थांबावंसं वाटतं, कारण तुम्ही पेटीवाले आहात आणि मी जे म्हणणार आहे ते तुम्ही स्वतः पेटीवर करून बघू शकता. तुमची पहिली चाल घ्या, आठ मात्रांतली. मुखड्याची ओळ वाजवा. आता तीच ओळ सहा मात्रांच्या ठेक्यावर बसवा. बसणार नाही. दोन मात्रा कुठून तरी काढाव्या लागतील. एखादं अक्षर आखूड करावं लागेल, एखादा शब्द समेच्या आधी उचलावा लागेल, जिथं तुम्ही सूर धरून उभे होतात तिथून लवकर निघावं लागेल. कदाचित एखादा शब्दच टाकून दिला असेल. म्हणजे लोकांच्या तोंडात जी ओळ बसली ती तुमच्या पहिल्या चालीतली नाही. ती त्या रात्री दोघांनी मिळून तयार केली. सूर तुमचे, पण ते किती वेळ टिकायचे आणि कुठं तुटायचे हे त्याच्या ठेक्यानं ठरवलं. चाल म्हणजे याहून वेगळं काय असतं?

करडी मजलातला ठेका त्यानं शोधलेला नाही, हे खरं. तो त्या गावांचा आहे, पिढ्यान्‌पिढ्यांचा, त्यावर कुणाचीच मालकी नाही. तुमचं हे म्हणणं असेल तर बरोबर आहे. पण मग भजनी मंडळातून तुम्ही उचललेल्या सुरावटीही तुमच्या कुठं आहेत? दोघांनी आपापल्या गावातून आणलं आणि खोलीत एकत्र केलं. दोघांचं काम एकमेकांपासून सुटं करून दाखवता येत नसेल तर कायदा त्याला संयुक्त कृती मानतो. तुमचा मुखडा त्यात बसतो असं मला वाटतं. अंतरा कदाचित नाही. अंतऱ्यात त्यानं नुसती साथ केली असेल तर तो तुमचा.

हे सगळं सिद्ध कसं करायचं, तर तुमच्या फोनमध्ये ते आधीच आहे. चाल सुचल्यावर तुम्ही त्याला व्हॉट्सॲपवर गुणगुणून पाठवली असेल. त्यानं टेबलावर ठेका वाजवून उत्तर पाठवलं असेल. ते आवाज तारखेनिशी पडून आहेत. फोन भरला म्हणून पुसू नका. दोघांनी एकत्र बसून ऐका, सुरुवातीपासून. तुमच्या आठवणीतली गोष्ट आणि फोनमधली गोष्ट यांत फरक निघेल, आणि तो दोन्ही बाजूंना निघेल. त्यालाही कळेल की त्याला वाटतं तेवढं सगळं त्याचं नाही.

साथीच्या मानधनाबद्दल तुमची एक चूक मला समजते, कारण ती आपल्याकडच्या धंद्याची सवय आहे. कार्यक्रमाचं मानधन वेगळं. लग्नात तीन तास वाजवलं, ठरलेले पैसे घेतले, विषय संपला. कीबोर्डवाल्याचं इतकं, ढोलकीवाल्याचं इतकं, गाणाऱ्या बाईचं इतकं. त्याबद्दल कुणी तक्रार करत नाही. (गाणाऱ्या बाईचं सगळ्यात शेवटी मिळतं, त्याबद्दल मी तक्रार करू शकते. तरुणपणी ऑर्केस्ट्रात गायले आहे. पोस्टरवर मालकाचा फोटो आणि खाली ‘व सहकलाकार’. त्या ‘व’ मध्ये आम्ही पाचजण होतो.) पण गाणं तयार करणं हे मानधनाचं काम नाही. कार्यक्रम रात्री संपतो. गाणं पुढची साठेक वर्षं कुणाचं तरी राहतं. चाल-शब्दांवरचा हक्क करणाऱ्याच्या आयुष्यभर आणि त्यानंतर ६० वर्षं चालतो, आणि दोघांची कृती असेल तर दोघांतला मागं राहिलेला गेल्यावर ती ६० वर्षं मोजायला सुरुवात होते. तुम्ही त्या हक्काला एका रात्रीच्या सुपारीचा दर लावलात.

आता आकडे. मित्र अर्धं मागतोय, काका शून्य म्हणताहेत, तुम्ही चौथाई दिलीय. मी माझा हिशेब मांडते, तुम्ही तो बदलू शकता. २५,००० चे दोन भाग करा, निम्मे रेकॉर्डिंगचे, निम्मे गाण्याचे. रेकॉर्डिंगचे १२,५००, ते दोघांत सारखे, म्हणजे ६,२५० प्रत्येकी. गाण्याचे १२,५००, त्यात शब्दांना आणि चालीला सारखं मोल द्या. शब्दांचे ६,२५० पूर्ण तुमचे. चालीचे ६,२५० दोघांत, ३,१२५ प्रत्येकी. बेरीज केली तर तुमचे १५,६२५, त्याचे ९,३७५. म्हणजे अर्धं नाही. पण वाजवणाऱ्याची बिदागीही नाही.

हाच हिशेब मंडळाच्या १२,००० ना लावला तर त्याचे ४,५०० होतात. तुम्ही ३,००० दिलेत.

पेटीवाले भाऊ, तीन आठवडे तुमची खोली बंद आहे ती १,५०० रुपयांवरून. एवढ्या पैशांत खोलीचं निम्मं भाडं तरी निघतं का ते बघा. अर्थात, तो पैशांसाठी रुसलेला नाही हे तुम्हाला आतून ठाऊक असणार. व्हिडिओखाली त्याचं नाव नाही, हे त्याच्या दुकानात येणाऱ्या प्रत्येक गिऱ्हाइकाला तो सांगू शकत नाही. ‘हे मी वाजवलंय’ म्हटलं तर समोरचा फोन उघडून बघतो आणि तिथं तुमचं नाव दिसतं.

नावाचं दुखणं आपल्या संगीतात जुनं आहे. १९०२ साली कोलकात्यात गौहर जाननं ग्रामोफोनसाठी गायलं. त्या काळातल्या रेकॉर्डी जर्मनीत हॅनोव्हरला छापल्या जात, तिथल्या माणसाला लेबलवर कुणाचं नाव घालायचं ते कळावं म्हणून गाणं संपता संपता गाणारी स्वतःचं नाव मोठ्यानं सांगायची. तिची ती आरोळी आजही ऐकू येते. तबला आणि सारंगी वाजवणाऱ्यांच्या वतीनं कुणी ओरडलं नाही. पुढं आपल्या शेजारच्या हुबळीच्या गंगूबाई हनगल यांच्या सुरुवातीच्या रेकॉर्डी ‘गांधारी हुबळी’ या नावानं निघाल्या, निदान त्यांना ते नाव तरी होतं. साथीदारांना तेवढंही क्वचितच मिळे. आता तशी अडचण नाही. २०१२ ची दुरुस्ती झाल्यापासून वाजवणाऱ्यालाही कलाकार म्हणून आपलं नाव लावून घ्यायचा हक्क आहे, आणि त्याच्या वाजवण्यावर त्याचा स्वतंत्र हक्क ५० वर्षं राहतो. तुमच्या बाबतीत तर फक्त व्हिडिओखालची एक ओळ दुरुस्त करायचीय. मंडळाच्या पोराला आज सांगितलंत तर आज होईल. शब्द: तुम्ही. संगीत: दोघं. ढोलकी व ठेका: तो. मला वाटतं, पैशाआधी हे करा. त्याच्याशी बोलायला जाण्याच्याही आधी करा, म्हणजे ते सौदा म्हणून दिल्यासारखं दिसणार नाही.

राहिलेले १,५०० मात्र हातात द्या. फोनवरून पाठवू नका. नुसते पैसे आले, माणूस आला नाही, की घेणाऱ्याला ते तोंडावर फेकल्यासारखे वाटतात. आणि देताना ‘वरचे’ म्हणू नका. हिशेब चुकला होता म्हणा.

कन्नड गाण्याविषयी. इथं अधिकार तुमच्याकडं आहे, कारण शब्द तुमचे आणि त्यांचं भाषांतर करायला तुमची परवानगी लागते. म्हणजे नाही म्हणायची मुभा तुम्हाला पूर्ण आहे. नाही म्हणू नका असं माझं मत आहे.

मंडळातल्या त्या माणसाला मी हसणार नाही. सीमाभागात भाषेसाठी लोकांनी लाठ्या खाल्ल्यात, तुरुंग बघितलेत, घरोघरी त्याच्या आठवणी आहेत. त्याला राग येतो तो हवेतून येत नाही. पण सीमावादाचा खटला सुप्रीम कोर्टात २००४ पासून आहे, तुमच्या गणपतीच्या गाण्यानं त्यात एक पान वाढायचं नाही आणि कमीही व्हायचं नाही. आणि इथल्या मराठी गाण्याचं कूळ शोधायला गेलात तर तो माणूसच अडचणीत येईल. अण्णासाहेब किर्लोस्करांचा जन्म १८४३ चा, गुर्लहोसूरचा, म्हणजे आपल्याच जिल्ह्यातला. त्यांनी १८८० साली पुण्यात शाकुंतल उभं केलं आणि मराठी संगीत नाटकाची परंपरा सुरू झाली असं आपण अभिमानानं सांगतो. त्यांच्या पदांच्या कितीतरी चाली कानडी होत्या. केशवराव भोसल्यांनी ललितकलादर्श ही नाटक कंपनी काढली ती १९०८ साली, हुबळीत. सुळेभावीत जन्मलेल्या कुमार गंधर्वांची घरची भाषा कन्नड, आणि त्यांनी मराठी नाट्यपदं गायली तेव्हा कुणी उच्चार तपासत बसलं नाही. भीमसेन जोशींनी पंढरीचे अभंग गायले तसेच पुरंदरदासांची पदंही गायली, कन्नडमध्ये, त्याच गळ्यानं. त्या मंडळवाल्यांच्या मांडवात सकाळी सहाला कुणाचे अभंग लागतात ते विचारा. फक्त चारचौघांत विचारू नका, एकटा असताना विचारा. चारचौघांत माणूस भूमिकेवरून हटत नाही.

व्यवहाराचं म्हणाल तर मंडळासाठी मराठी गाणं आहे तसं राहील, कन्नड गाणं वेगळं, त्याच्या गावासाठी. त्यात नवे शब्द कोण लिहील ते आधी ठरवा. लिहिणारा तिसरा कुणी असेल तर त्या शब्दांत त्याचाही वाटा. मूळ कल्पना तुमची म्हणून तुम्ही किती घ्यायचं तेही तेव्हाच बोला. मी तुमच्या जागी असते तर जत्रेच्या पहिल्या वर्षी काही घेतलं नसतं. हे माझं मत, कायदा नव्हे.

आता त्या स्टुडिओवाल्याच्या कागदाकडं येते. तो वाचताना तीन ठिकाणी बोट ठेवा. किती वर्षांसाठी, कुठल्या प्रदेशासाठी, आणि कशाकशासाठी. कागदात मुदत लिहिली नसेल तर कायदा पाच वर्षं धरतो, प्रदेश लिहिला नसेल तर भारत धरतो. म्हणून असे कागद बनवणारे या जागा मोकळ्या सोडत नाहीत. ‘कायमस्वरूपी, संपूर्ण जगात, आज माहीत असलेल्या व पुढं शोधल्या जाणाऱ्या सर्व माध्यमांत’ असं एक लांबलचक वाक्य असतं, बहुधा इंग्रजीत, बहुधा दुसऱ्या पानावर. ते असेल तर २५,००० कमी आहेत. पाच वर्षांसाठी, आणि नंतर गाणं परत तुमच्याकडं, असं असेल तर विचार करण्याजोगे आहेत.

त्यातही एक गोष्ट तुमच्या हातून कुणी काढून घेऊ शकत नाही. २०१२ च्या दुरुस्तीनंतर गीतकार आणि संगीतकार यांचा रॉयल्टीतला वाटा, हक्क घेणाऱ्याच्या बरोबरीचा वाटा, सही करूनही सोडता येत नाही. तो वारसांना किंवा कॉपीराइट संस्थेला देता येतो, बाकी कुणाला नाही. कागदात ‘रॉयल्टीवर हक्क राहणार नाही’ असं लिहिलं असलं तरी ते वाक्य टिकणार नाही. पण टिकणार नाही म्हणून पैसे आपोआप घरी येतात असंही नाही. ते गोळा करायला इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी आहे, १९६९ पासूनची, लोक आयपीआरएस म्हणतात. गाणं कुठंतरी रीतसर प्रसिद्ध झालं की दोघांनी वेगवेगळं सभासद व्हा, आणि गाणं नोंदवताना वाटे दोघांनी सारखेच लिहा. एकानं ७५-२५ आणि दुसऱ्यानं ५०-५० लिहिलं की पैसे तिथंच अडकून पडतात. आणखी एक धोका आहे. गाणं स्टुडिओवाल्याच्या नावावर यूट्यूबच्या यंत्रणेत गेलं, की उद्या तुम्ही तुमच्याच चॅनेलवर तेच रेकॉर्डिंग टाकलंत तर यंत्रणा तुम्हालाच चोर ठरवेल. म्हणून सही करण्याआधी स्वतःचं चॅनेल काढा, गाण्यावर दोघांची नावं घालून ते तिथं टाका, आणि तुमच्या चॅनेलला हात लागणार नाही असं कागदात लिहून घ्या. तो नाही म्हणाला तर त्याला काय विकत हवंय ते तुम्हाला कळलंच.

नोंदणी सक्तीची नाही. मनाला बरं वाटत असेल तर कॉपीराइट कार्यालयात शब्दांना ५००, चालीला ५००, रेकॉर्डिंगला २,००० रुपये फी आहे. पहिल्याच गाण्याला एवढा खर्च करण्यापेक्षा दोघांनी एक कागद करावा असं मला वाटतं. वकिली भाषा नको. एका बाजूला मराठी, एका बाजूला कन्नड, म्हणजे दोघांच्याही घरचे वाचतील. तुमच्या सगळ्या गाण्यांची नावं, कुणी काय केलं, वाटे किती. कुठलंही गाणं विकायचं तर दोघांच्या सह्या. उद्या फाटलं तर दोघांनाही ही गाणी कार्यक्रमात वाजवायची मोकळीक, नाव मात्र दोघांचं. खोलीतल्या सामानाचं काय, तेही लिहा. माइकवरून झालेली भांडणं चालीवरून झालेल्या भांडणांपेक्षा वाईट असतात. खाली तारीख, सह्या, दोन साक्षीदार. काकांना साक्षीदार करा. म्हणजे नंतर ‘मला कुणी विचारलंच नाही’ असं त्यांना म्हणता येणार नाही.

वाट्यांबद्दल एक सुचवते. जुन्या गाण्यांचा हिशेब मी मांडला तसा करा, पण पुढच्या गाण्यांसाठी चाल सरसकट निम्मी-निम्मी धरा, कुणी किती आणलं ते न मोजता. शब्द ज्याचे त्याचे. हे न्यायाला धरून नाही, मला माहीत आहे. एखाद्या गाण्यात तुम्ही नव्वद टक्के कराल आणि पन्नास घ्याल. पण दर वेळी मोजायला बसलात तर खोलीत कुणी तोंड उघडणार नाही. ‘इथं थांबूया का’ म्हणणाऱ्याच्या मनात येईल, या थांबण्याचे किती? त्यानं तुमचं गाणं झोपलेलं आहे असं तोंडावर सांगितलं होतं. पुढच्या वेळी सांगणार नाही, आणि तुम्ही झोपलेली गाणी करत राहाल.

एकट्यानं बाहेर पडावं का, असं विचारलंत. पडू शकता. हे लग्न नाही. त्यानं दुसऱ्याबरोबर वाजवावं, तुम्ही दुसरा ढोलकीवाला घ्यावा, मोबाईलवरच्या तबल्यावर चाली बसवाव्यात, यात कुणाचा विश्वासघात होत नाही. पण हे गाणं मिटवल्याशिवाय पडलात तर ते दोघांच्याही मागं लागेल. कुठल्याही गणपतीत ते लागणार, आणि दोघांनाही ते ऐकावं लागणार. आधी नाव, मग १,५०० रुपये, मग कागद, मग काय ते ठरवा. मला वाटतं कागद झाल्यावर तुम्ही हा प्रश्न परत विचारणार नाही, पण तो तुमचा निर्णय.

त्याला भेटायला दुकानात जाऊ नका, तिथं मालक ऐकतो. खोलीवरही बोलावू नका, तिथं दोघांचा रुसवा आधीच बसलेला आहे. त्याच्या घरी जा, बैलहोंगलला, रविवारी. तुम्हाला कन्नड मोडकंतोडकं तरी येत असेलच. त्याच्या आईशी तेच बोला, चुका झाल्या तर हसतील, बरंच आहे. आणि गेल्यावर त्याला विचारा, त्या रात्री ठेका धरताना त्याच्या डोक्यात काय होतं. चार वर्षांत हे तुम्ही विचारलेलं नसावं असा माझा अंदाज आहे. ‘अर्धं’ या त्याच्या शब्दावर लगेच आकडे काढू नका. त्याला माझा हिशेब पटला नाही तर त्याचा मांडू द्या.

जत्रेला मात्र नक्की जा. तिथं गाणं त्याचं, गाव त्याचं, माणसं त्याला ओळखणारी, आणि पेटीवर साथीला तुम्ही. त्या रात्रीचं तुमचं मानधन किती, ते निघायच्या आधीच बोलून घ्या.